गुळातला ळ

सुकं खोबरं विस्तवावर धरलं की आधी गोड वास येतो, मग तेलकट, आणि मग एक क्षण असा येतो की खोबरं अजून जळलेलं नसतं, पण आता जळणार हे ठरून गेलेलं असतं. काळ्या मसाल्याचं खोबरं नेमकं त्या क्षणी उतरवायचं. श्वासभर आधी उतरवलं तर मसाला फिका, श्वासभर उशिरा तर कडू. माझ्या आईला तो क्षण नाकानं कळत असे. ती पाठमोरी बसून कांदे चिरत असायची, आणि मध्येच न बघता हात मागे करून चिमट्यानं वाटी उचलायची.

आज सकाळी इंदिरानगरच्या आमच्या घरात, गॅसवर जाळी ठेवून, मी खोबऱ्याची एक वाटी भाजायला घेतली. मसाला करायचा नव्हता. स्वयंपाकघराच्या दाराशी चाकांच्या खुर्चीत आई बसली होती आणि तिच्यापर्यंत तो वास पोहोचावा, एवढंच मला हवं होतं. तो पोहोचला. तिच्या नाकपुड्या हलल्या. डावा हात मांडीवरून किंचित उचलला गेला. ओठ विलग झाले, काहीतरी त्यांच्या काठापर्यंत आलं, आणि ओठ पुन्हा मिटले. मी तिच्या तोंडाकडे बघत राहिले आणि माझ्या मागे खोबरं जळून गेलं.

पोळ्याच्या आदल्या दिवशी तिला झटका आला. उजवा हात गेला, उजवा पाय अर्धा गेला आणि बोलणं गेलं. समजतं सारं. दारावरची घंटा समजते, औषधाची वेळ समजते, मी रडून आले आहे हेही समजतं. फक्त वस्तू आणि तिचं नाव यांच्यामधली वाट कुठेतरी बुजली आहे. डॉक्टर म्हणाले होते, पहिल्या सहा महिन्यांत जे परत येईल ते येईल, पुढे फार आशा धरू नका. आता माघ संपत आला आहे. काय खावंसं वाटतं ते सांगता येत नाही, म्हणून तिनं हळूहळू खाणंच टाकलं आहे. मी एकेक नाव घेते, ती मान हलवते, मग मान हलवायचाही कंटाळा करते. तिच्या बांगड्या आता कोपरापर्यंत मागे सरकतात.

आणि मला ठाऊक आहे की तिचे शब्द पोळ्याच्या आदल्या दिवशी गेले नाहीत. ते त्याच्या पुष्कळ आधी गेले. त्या वेळी मी पाचवीत होते.

आई सटाण्याच्या पलीकडच्या एका खेड्यातली. तिकडच्या अहिराणीत ळ हा वर्ण नाही. जिथे तो यायला हवा तिथे य येतो. डाळ म्हणजे दाय. हळद म्हणजे हयद. नारळ म्हणजे नारय. लग्न होऊन ती नाशकात आली, पंचवटीतल्या भाड्याच्या दोन खोल्यांत, आणि येताना पितळी डबे, मांडे भाजायचं एक खापर आणि हे सगळे मऊ शब्द घेऊन आली. वडील सरकारी कचेरीत कारकून होते. अहिराणी त्यांचीही होती, पण ती ते कचेरीच्या दाराबाहेर चपलांसारखी काढून ठेवायला शिकले होते. आईला जायला कचेरी नव्हती. तिला चूल होती, आणि चुलीपुढे तिला कोणी काही काढून ठेवायला सांगितलं नव्हतं.

तिचं बोलणं मला लहानपणी बिया काढलेल्या चिंचेसारखं वाटे. दाताखाली काही कठीण यायचंच नाही. थंडीच्या दिवसांत ती हिरवी वांगी विस्तवात खुपसून ठेवी आणि त्यांची सालं फुटण्याचा फुस्स आवाज आला की म्हणे, "उना बं भरीतना वास." उन्हाळ्यात गच्चीवर ज्वारीची पापडासारखी बिबडी वाळत पडत, आणि ओल्या बिबड्यांचा आंबूस वास दुपारभर जिन्यात उतरून बसे. पावसाळ्यात ती तुरीची डाळ भरड वाटून तिचे मुटके वाफवी, त्यांना फुनके म्हणे, आणि कढीत बुडवून देई. ज्वारीत उडीद मिसळून दळलेल्या पिठाला कळणा म्हणतात. तिच्या तोंडी तो कयना होता. "कयनानी भाकर लाल मिरचीना ठेचासंगे खावानी," असं ती म्हणाली की त्या वाक्यालाच धुराचा वास येई. मला त्यात वेगळं काही वाटत नव्हतं. सगळ्यांच्याच आया असं बोलत असणार, अशी माझी समजूत होती.

मग ती संक्रांत आली.

आईनं नाशकात प्रथमच मोठं हळदीकुंकू केलं होतं. पहाटे उठून तिनं तीळ भाजले होते. भाजताना तीळ तडतडून कढईबाहेर उडत होते आणि ती हसत ते वेचून माझ्या तोंडात टाकत होती. दुपारी ती काळी साडी नेसली. शेजारच्या बायका आल्या, घाटावरच्या उपाध्यांच्या घरातल्या दोघी आल्या, आणि माझी वर्गमैत्रीण वर्षा तिच्या आईचं बोट धरून आली. आईनं पहिला लाडू वर्षाच्याच हातावर ठेवला आणि भरल्या, मोकळ्या आवाजात म्हणाली, "तीयगूय घ्या, गोड बोला."

वर्षानं लाडूकडे पाहिलं. मग माझ्याकडे.

"अगं," ती म्हणाली, "तुझी आई काय खायला सांगतेय!"

आणि तिनं आईच्या त्या 'गूय'चा फक्त पहिला अर्धा भाग दोनदा उच्चारला. गू, गू. बायकांनी पदर तोंडाशी नेले. वर्षाची आई तिला दटावत होती, पण दटावतानाही तिचे खांदे हलत होते. कोणीतरी म्हणालं, "लहान आहेत हो, मनावर घेऊ नका."

आईही हसत होती. सगळ्या हसताहेत म्हणून ती हसत होती. कशाला हसताहेत ते तिला कळलेलं नव्हतं, आणि ताटलीतला पुढचा लाडू उचलून ती पुन्हा तेच वाक्य, त्याच मोकळ्या आवाजात, दुसऱ्या बाईला म्हणाली. आयुष्यात ज्या काही थोड्या गोष्टी विसरता याव्यात असं मला वाटतं, त्यांत तिचं ते हसणं आहे.

बायका गेल्यावर मी माझा लाडू ताटलीत परत ठेवला.

"आई, ते गूय नसतं. गूळ असतं."

"मंग मी काय सांगस? गूयच ते."

"नाही! ळ. ळ म्हण. जीभ मागे वळव, वर लाव, आणि मग सोड. ळ."

"ल."

"ल नाही, ळ!"

ती खळखळून हसली. "जीभ काय भाकर शे का, उलटाले?"

मी हसले नाही. मी बोटानं माझी जीभ दुमडून तिला दाखवली. दुसऱ्या दिवशी पुन्हा दाखवली. शाळेतून आल्यावर दप्तर टाकून मी तिची शिकवणी घेई, आणि ती चुलीपुढे बसून, भाकरी थापता थापता, उजळणी म्हणावी तसे शब्द म्हणे. डाळ. गूळ. हळद. नारळ. प्रत्येक शब्दानंतर ती मान वर करी. मी मान डोलावली तरच पीठ पुढे फिरे. "बरं का, मास्तरीनबाई?" असं ती विचारायची, आणि मला वाटायचं की तिलाही हा खेळ आवडतो आहे.

चैत्र येईतो तिला ळ आला. स्वच्छ, ठाम, पंचवटीतल्या कुठल्याही बाईच्या ळ-इतका शुद्ध. पण तो आला तो थांबेना. एका सकाळी दुधाचं पातेलं उतरवून ती कौतुकानं म्हणाली, "बघ, कशी जाड साळ आली आज."

"साय, आई. साय."

"साय?"

"हो. तिथे य असतो."

"आणि गाळीचं तूप?"

"गाईचं. गाय. गाळ नाही, गाळ म्हणजे चिखल."

ती पातेलं हातात धरून उभी राहिली. वाफ तिच्या चेहऱ्यावर येत होती. "कालपावत ळ म्हन सांगत व्हती," ती म्हणाली. "आते य म्हन. मास्तरीन, तू एकदा ठरव काय ते."

ठरवणं माझ्या हातात नव्हतं, आणि ते तिला समजावता येईल एवढं माझं वय नव्हतं. कुठला य तिच्या गावाचा आणि कुठला या शहराचा, हे तिनं कशावरून ओळखायचं? प्रत्येक शब्दाच्या पोटात एक निसरडी पायरी होती. तिनं काही दिवस जपून पाय टाकून पाहिला. मी पाहत होते, शब्द उच्चारण्याआधी ती क्षणभर थांबे आणि तिची नजर कोपऱ्यात जाई. स्वतःच्या आईची आठवण काढतानासुद्धा ती "माय" या शब्दापाशी अडखळली एकदा, इथे तरी य बरोबर आहे ना, अशा चेहऱ्यानं माझ्याकडे पाहिलं, आणि ती आठवण सांगायची राहूनच गेली.

मग तिनं उतरणंच बंद केलं. पुढच्या संक्रांतीला तिनं लाडू पुढे केला आणि फक्त म्हणाली, "घ्या." पाहुण्यांपुढे वाटी सरकवली की "हे." आणखी वाढायला आणलं की "थोडं." सगळ्या पदार्थांसाठी तिला हे तीन शब्द पुरू लागले. शेजारणी मला म्हणत, "तुझी आई किती शांत स्वभावाची गं," आणि मी ते कौतुक म्हणून घरी घेऊन येई.

शब्दांमागून पदार्थही गेले. फुनके आधी "वाफवलेले गोळे" झाले, आणि ज्याला नाव उरलं नाही ते करण्यात मजा नसावी, म्हणून पुढे झालेच नाहीत. खापर माळ्यावर गेलं. कळण्याची भाकरी जाऊन पोळ्या आल्या. आमच्या घरात मात्र शब्द वाढत होते. मी मराठी घेऊन शिकले, वृत्तं शिकले, चांदण्याला आणि मेघाला किती नावं आहेत ते मुखोद्गत केलं, आणि पुढे तेच मुलांना शिकवत राहिले. त्या सगळ्या वर्षांत आईची अहिराणी मी फक्त दाराबाहेरून ऐकली. देवळ्याला असलेल्या धाकट्या बहिणीशी, माझ्या सुमनमावशीशी, ती फोनवर बोले तेव्हा आतून खोलीचं दार लावून घेई. बाहेर मला एक बडबडी, थट्टेखोर, खदखदून हसणारी बाई ऐकू येई. तिची माझी कधी ओळख झाली नाही.

कार्तिकात तन्वी येऊ लागली. बोलणं गेलेल्या माणसांना पुन्हा बोलायला शिकवणारी, पंचविशीतली, मृदू मुलगी. तिच्याजवळ चित्रांचे पत्ते होते: पेला, कंगवा, चप्पल, भात. आई चित्राकडे पाही, घाम येईतो पाही, आणि काही येत नसे. तिसऱ्या आठवड्यात तन्वीनं वाटीभर पिवळ्या वरणाच्या डाळीचं चित्र धरलं. आईच्या गळ्याची शीर ताठ झाली.

"दा…" ती म्हणाली. "दा… य."

"वा आजी! आलं जवळजवळ!" तन्वी आनंदानं म्हणाली. "परत एकदा. डा…"

आणि तिच्याही आधी मी बोलले. "ळ, आई. डाळ." माझं बोट तोंडाशी गेलं होतं. चाळीसेक वर्षांनी, कोणी न सांगता, ते आपण होऊन तिथे गेलं होतं, जीभ दुमडून दाखवायला.

आईनं माझ्या बोटाकडे पाहिलं. मग तिनं मान खिडकीकडे वळवली. त्यानंतर आजपर्यंत तिच्या तोंडून एक अक्षर आलेलं नाही.

तन्वीनं वहीत लिहिलं, "उच्चार सदोष." मी ते वाचलं, आणि जिन्यापर्यंत तिच्या मागे गेले.

"तो उच्चार चुकीचा नव्हता. आईच्या बोलीत डाळीला दायच म्हणतात."

ती चपलेचा पट्टा लावता लावता थांबली. "म्हणजे ती बरोबर बोलली होती?"

"हो."

"मग तुम्ही तेव्हाच का नाही सांगितलंत, मॅडम?"

तिनं वहीतली ओळ खोडली आणि म्हणाली, "लहानपणीची भाषा कधीकधी आत राहून जाते. पण ते शब्द मला नाही येत. तुम्ही बोला त्यांच्याशी त्यांच्या शब्दांत. समोर बसून. त्यांना ओठ दिसले पाहिजेत."

पण ते शब्द मलाही येत नव्हते. चारदोन आठवत होते, तेही वाळून गेलेले. मावशीनं फोनवर बोलून पाहिलं होतं, पण तिचा आवाज कानावर पडताच आई इतकी रडली की फोन हातातून पडला. मावशीचे गुडघे गेलेले. तिला जिने चढून येणं शक्य नव्हतं. आईपाशी थांबायला कोणी नव्हतं म्हणून मी दिवस ढकलत राहिले, आणि पंधरवड्यापूर्वी तन्वीला दिवसभर तिच्याजवळ बसवून एकदाची देवळ्याला गेले.

मावशी अंगणात कांदा निवडत बसली होती. साऱ्या आळीला त्याचा उग्र, उबट वास होता. तिनं मान वर न करता विचारलं, "तू उनी का? बठ."

"मावशी, मला आईचे शब्द हवे आहेत. खाण्यापिण्याचे. सगळे."

तिनं हातातला कांदा सोलून, बघून, ढिगावर टाकला. "तुनी मायनी जीभ तूच बांधी. आते सोडाले माले सांगस?"

मी तिच्या शेजारी बसून ढिगातला एक कांदा उचलला. थोड्या वेळानं तिनं पदरानं माझा चेहरा पुसला. "रडू नको. कोनी इचारं ते कांदा शे सांग." मग डोळे बारीक करून म्हणाली, "म्हन बरं, गूय."

"गूय."

"हट! तुना तोंडमा गूयबी इंग्रजी वाटस."

दोघी हसलो. हसता हसता मी विचारलं, आई फोनवर बोलताना दार का लावून घ्यायची. मावशीचे हात थांबले. तिनंही एकदा आईला हेच विचारलं होतं, आणि आई एवढंच म्हणाली होती, "पोरले लाज वाटस."

त्या दिवशी मी माझ्या वहीची मागची पानं भरून आणली. मावशी एकेक शब्द म्हणे, मी मागून म्हणे, ती डोकं हलवी, मी पुन्हा म्हणे. बोलाचा शेवट कुठे मऊ सोडायचा, कुठे जीभ टाळूकडे जाऊ न देता खालीच निजवायची, हे ती मला शिकवत होती. माझी जीभ ऐकत नव्हती. ती सवयीनं वर जाई.

घरी आल्यावर पंधरा दिवस मी ते शब्द एकटीनं म्हटले. आईसमोर म्हणायचं धैर्य होत नव्हतं. तन्वी काल म्हणाली, "मॅडम, आता फार दिवस नाहीत." म्हणून आज खोबरं भाजलं, आणि ते जळल्यावर गॅस बंद करून, वही घेऊन मी आईसमोर बसले. घरभर निळसर धूर होता.

"माय," मी म्हटलं. उभ्या आयुष्यात मी तिला या नावानं हाक मारली नव्हती.

तिची नजर वळली.

"दाय," मी म्हटलं. "हयद. नारय. कयनानी भाकर." ती माझ्या ओठांकडे पाहत होती, लहान मूल पाहतं तशी, त्यांच्या हलणाऱ्या प्रत्येक रेषेकडे. "फुनके," म्हटल्यावर तिनं डोळे मिटले, आणि मिटल्या पापण्यांतून पाणी आलं. मी वाचत गेले. एकेक पान उलटताना मला वाटत होतं की त्या बंद दारामागची ती बडबडी बाई आता आतून कडीला हात घालते आहे. ती मला रागावेल. माझ्या उच्चारांना हसेल. काय हवं ते मागेल, तिच्या शब्दांत, आणि मी ते रांधीन.

वही संपली. आई काही बोलली नाही.

मी वाटीत थोडं कुस्करून आणलं होतं, दुधात कालवून, गिळायला सोपं व्हावं असं. चमचा भरला आणि तिच्या ओठांशी धरला.

"केय शे, माय. खाय."

तिनं तोंड उघडलं नाही. ती माझ्याकडे पाहत राहिली. त्या नजरेत राग नव्हता. एक काळजी होती, घाईघाईत बाहेर निघालेल्या मुलीचं बटण चुकीच्या काजात लागलेलं दिसावं तशी. डावा हात वर आला आणि तिनं माझं मनगट धरून चमचा हलकेच बाजूला केला. मग ओठ उघडले. अर्ध्या मेलेल्या तोंडात जीभ हलली, मागे वळली, थरथरत वर चढली, टाळू चुकली, पुन्हा चढली. तिच्या कपाळावर घाम आला. आणि इतके महिने मुक्या असलेल्या माझ्या आईनं, मला समजावं म्हणून, सावकाश आणि स्पष्ट म्हटलं:

"केळं."